कपाळानं ऐकणारी

माझी नात कुठल्याशा प्रयोगशाळेत काम करते. मागच्या खेपेला आली तेव्हा तिनं माझ्या डोक्यावर टोपीसारखं काहीतरी चढवलं आणि कानशिलाशी तारा चिकटवल्या. प्रत्येक मेंदूची म्हणे आपली एक थरथर असते. यंत्राची थरथर तिच्याशी जुळली की ऐकलेलं दिसायला लागतं, पाहिलेलं जिभेवर येतं. तिनं टाळी वाजवली आणि माझ्या मिटल्या डोळ्यांपुढे केशरी ठिपका उमटून गेला. पुन्हा टाळी, पुन्हा ठिपका. आजी आता थक्क होणार म्हणून नात माझ्या तोंडाकडे बघत होती. हे जगात पहिल्यांदाच होतंय, असं तिनं मोठ्या अभिमानानं सांगितलं. मी टोपी काढून ठेवली आणि म्हटलं, पहिल्यांदा वगैरे काही नाही, आमच्या घरी हे होत होतं, आणि तेही विजेशिवाय. ती हसली. म्हाताऱ्या माणसाचं मन राखायला हसतात तसं हसली, आणि मला राग आला. रागावल्याशिवाय माझ्या हातून काही लिहून होत नाही, म्हणून हे लिहायला बसले आहे.

स्वातंत्र्य मिळून सात-आठ वर्षं झाली असतील. चंद्रपूरला तेव्हा चांदा म्हणत आणि गडचिरोली त्याच जिल्ह्यात होतं. आमचं मूळ गाव सावलीकडचं, धानाच्या शेतांचं. पण बाबांना अहेरीच्या बाजूला, जंगलातल्या लाकडाच्या डेपोत नोकरी लागली आणि आम्ही डेपोच्या कडेला कुडाच्या भिंतींच्या दोन खोल्यांत राहायला आलो. आम्ही म्हणजे आई, बाबा, मी आणि माझ्याहून तीन वर्षांनी धाकटी बहीण. मी नऊ वर्षांची, ती सहाची. ती जन्मापासून बहिरी होती आणि त्यामुळे बोलतही नव्हती. तिला काय हवंय, काय नको हे घरात सगळ्यांत आधी मला कळायचं. त्याचा मला तोराही होता आणि कंटाळाही. माझ्या वाटची निम्मी माया तिच्याकडे जाते, असं मला वाटायचं. निम्मी नाही, जास्तच जायची. आता तक्रार नाही, पण तेव्हा होती.

बाबांचं काम ऐकण्याचं होतं. जंगलात तोडलेले सागाचे लठ्ठे बैलगाड्यांवरून डेपोत येत. बाबा हातात लाकडाची मोगरी घेऊन एकेका लठ्ठ्याच्या तोंडावर ठोका मारत आणि आवाजावरून सांगत की लाकूड आतून भरीव आहे की पोकळ. बाहेरून राजबिंडा दिसणारा लठ्ठा आत वाळवीनं खाऊन टाकलेला असू शकतो, आणि ते कापल्याशिवाय डोळ्यांना कळत नाही. बाबांचा कान मोठा तयारीचा होता. ते चौथीपर्यंतच शिकलेले होते, पण त्यांनी भरीव म्हटलं की साहेब पुढे काही विचारत नसत.

बहिणीला मागून येणाऱ्या गाड्या ऐकू येत नसत म्हणून आई तिला मोकळी सोडायला भ्यायची. त्यामुळे दिवसभर ती बाबांच्या पायापायात असायची. तिच्याकडे पत्र्याची एक डबी होती. अहेरीच्या आठवडी बाजारातले चुडीवाले चाचा फुटलेल्या बांगड्यांचे तुकडे तिला मूठ-मूठ देत, ते सगळे त्या डबीत असत. एका दुपारी ती एका लठ्ठ्यावर कपाळ टेकून पेंगत होती आणि बाबांनी पलीकडच्या टोकाला ठोका मारला. ती दचकून उठली. मागे पाहिलं, वर पाहिलं, आणि मग हसत हसत कपाळ पुन्हा लाकडावर ठेवून तिनं आपल्या मुठीनं तळहातावर ठोकून दाखवलं: अजून मारा. बाबांनी मारला. तिनं डबी उघडली, पिवळा तुकडा काढला आणि उंच धरला.

बाबांना तो खेळ वाटला. पण आठ दिवसांनी माझ्या लक्षात आलं की भरीव लाकडाला ती दर वेळी पिवळाच काढते आणि पोकळ लाकडाला काळपट तपकिरी. डेपोतल्या घंटेच्या खांबाला कपाळ लावलं की निळा. हे पुढे बाबा स्वतःच्या लक्षात आलं म्हणून सगळ्यांना सांगत. त्यांचा तेवढा खोटेपणा मी त्यांना माफ केला आहे. एकदा बाबांनी एक लठ्ठा भरीव ठरवला आणि बहिणीनं तपकिरी तुकडा धरला. बाबांनी पुन्हा ठोकला, तिनं पुन्हा तपकिरी. बाबा तिच्याशी चक्क भांडायला लागले, तिला एक अक्षर ऐकू येत नाही हे विसरून. शेवटी चिडून त्यांनी लठ्ठा कापायला लावला. आत माणसाचा हात जाईल एवढी पोकळी निघाली आणि मुंग्यांचं अख्खं गाव बाहेर पडलं. त्या दिवसापासून बाबा अवघड लठ्ठा तिला विचारल्याशिवाय ठरवेनात.

तिला तो रंग खरंच दिसायचा का, हे मी फार पुढे, ती लिहायला शिकल्यावर तिला विचारलं होतं. तिनं पाटीवर लिहिलं, ‘दिसतो. डोळ्यांच्या मागे.’ आणि मग माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की जणू तुम्हाला दिसत नाही हीच गंमत.

डेपोतल्या मजुरांना आणि गाडीवानांना यातलं काही माहीत नव्हतं. त्यांच्यातली बरीच माणसं लठ्ठा गाडीवर चढवण्याआधी त्याला हात लावून तो हात कपाळाशी न्यायची. एवढं मोठं झाड आडवं पाडलं, त्याची क्षमा मागायची त्यांची रीत होती ती. एक मुकी पोरगी रोज लठ्ठ्यावर डोकं टेकते हे पाहून त्यांना वाटलं, ही आपल्यापेक्षा मोठा नमस्कार करते. झालं. तिनं डोकं टेकल्याशिवाय कोणी लठ्ठ्याला हात लावेना. तिला ताप आला त्या दिवशी दोन गाड्या संध्याकाळपर्यंत रिकाम्या उभ्या होत्या. तिच्यापुढे कोणी मोहफुलं ठेवायचं, कोणी चारं, म्हणजे चारोळीची फळं. बहीण चारं खाऊन टाकायची आणि बिया मला द्यायची. बाबांना हसू यायचं, पण आई संतापली. माझी पोरगी देव नाही, तिला देव करू नका, देवाला कोणी खेळायला बोलवत नाही, असं तिनं बाबांना सुनावलं.

आईचं दुःख वेगळंच होतं आणि ते तिच्या मनात फार दिवसांचं होतं. हे पोर आपल्याला ओळखतं का, हे तिला कळत नव्हतं. एकदा भात वाढता वाढता तिनं बाबांना विचारलं होतं, "अजी, थे मले ओळखते का? का नुसती माह्या हातच्या भाताले ओळखते?"

बाबांनी त्यावर यंत्र काढलं. म्हणजे कागदावर काढलं. डेपोतल्या रद्दी कागदांच्या पाठीवर ते महिनाभर चित्रं काढत होते. त्यांचं म्हणणं असं होतं की माणसाची कवटीसुद्धा लाकडासारखी घुमते, आणि प्रत्येकाची घुमण्याची तऱ्हा निराळी. दोघांच्या डोक्यांना सागाच्या टोप्या घालून मध्ये तार ताणली आणि दोन्हींचं घुमणं एक झालं, की एकाच्या डोक्यातलं दुसऱ्याच्या डोक्यात उमटेल. एक ऐकेल आणि दुसऱ्याला ते दिसेल. सुताराकडून त्यांनी दोन वाट्या कोरून घेतल्या आणि आम्हा बहिणींच्या डोक्यांवर ठेवून मध्ये तार बांधली. आम्ही दोघी भिक्षेला निघाल्यासारख्या दिसत होतो. त्यांनी बहिणीच्या वाटीवर टिचकी मारली आणि मला विचारलं, काय दिसलं? मला काहीएक दिसलं नव्हतं. पण बाबांचं तोंड पाहून मी पिवळं म्हणाले. त्या रात्री ते दोन भाकरी जास्त जेवले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी आईला सांगितलं, "पुढं असं यंत्र निघन. एक टोपी तुह्या डोक्याले, एक तिच्या. तू बोलली का तिले दिसन."

"तवपर्यंत थे मले विसरन," आई म्हणाली.

विसरेल असं तिनं म्हणायला कारण होतं. अहेरीच्या शाळेतल्या गुरुजींनी बाबांना सांगितलं होतं की नागपूरला बहिऱ्या-मुक्या मुलांची शाळा आहे, तिथंच राहायची सोय आहे, लिहायला-वाचायला शिकवतात. बाबांनी अर्ज केला आणि तो मंजूर झाला. जूनमध्ये पोचवायचं आणि दिवाळीला आणायचं. बाबा हरखले होते. आई मात्र एकच गोष्ट धरून बसली. तिचं म्हणणं साधं होतं. मोठी उद्या कुठे गेली तर माझा आवाज कानात घेऊन जाईल. ही काय घेऊन जाईल? मी तिच्यासाठी भात वाढणारे दोन हात आहे. नागपुरात दुसरे दोन हात भात वाढतील आणि मी पुसली जाईन. तिला माझा आवाज पोचतो हे मला कळलं तर पाठवीन, नाहीतर नाही. डेपोतली माणसंही आईच्या बाजूची होती, वेगळ्या कारणानं; त्यांना त्यांचा नमस्कार जाऊ द्यायचा नव्हता.

जूनला आठ दिवस राहिले तेव्हा बाबांना सुचलं. ते म्हणाले, लठ्ठ्यातूनच विचारू.

आई डेपोत कधी येत नसे. त्या दिवशी मजूर जेवायला गेल्यावर ती डोक्यावरून पदर घेऊन आली. बाबांनी डेपोतला सगळ्यात भरीव लठ्ठा निवडला होता. एका टोकाला बहीण कपाळ टेकून, डोळे मिटून, डबी मांडीत घेऊन बसली. दुसऱ्या टोकाला आई गुडघ्यांवर बसली. मी मध्ये उभी होते. आमच्याकडे आई लेकीलाही लाडानं माय म्हणते. आईनं लाकडाला ओठ लावले आणि हाक मारली, "ये वो माय, इकडे ये."

बहीण हलली नाही. आईनं पुन्हा हाक मारली. तिसऱ्यांदा मारली. बाबा म्हणाले, जोरात. आई जोरात बोलायला गेली आणि तिचा आवाज चिरकला. पंधरा हात सागातून माणसाचा आवाज जात नाही, हे बाबांना तेव्हा तरी कळायला हवं होतं. आईचं तोंड असं झालं की माझ्यानं बघवेना. मी हात मागे नेला आणि चौथ्या हाकेबरोबर बोटांच्या सांध्यांनी लठ्ठ्यावर ठोकलं.

बहिणीनं डोळे उघडले. डबीतून हिरवा तुकडा काढला आणि उंच धरला.

आईनं लाकडावरून तोंड उचललं. हिरवा, असं ती दोनदा म्हणाली. बाबा डोळे पुसायला लागले. आईनं परत हाक मारली, मी परत ठोकलं, परत हिरवा. मला वाटत होतं की मी फार मोठं काम करते आहे. पाचव्या-सहाव्या हाकेला बहिणीनं डोळे मिटलेच नाहीत. ती वाकली, लठ्ठ्याच्या कडेनं नजर टाकली आणि तिला माझा हात दिसला. ती उठून माझ्याजवळ आली. हिरवा तुकडा माझ्या तळहातावर ठेवला आणि माझी मूठ मिटली. हा तुझा आहे, असं ती सांगत होती. आईनं ते पाहिलं.

धरणीनं पोटात घेतलं असतं तर बरं, असं मला झालं. आईनं मला मारायला हवं होतं. ती मारायची तेव्हा चांगली मारायची. पण ती फक्त एवढंच म्हणाली की मले माहीत होतं, आणि तोंडाला पदर लावून घराकडे चालू लागली. बाबा माझ्याकडे बघत राहिले. त्यांनाही वाटीची आठवण आली असावी.

बहीण आईच्या मागे धावली. तिनं पदर ओढून आईला सालींच्या ढिगावर बसवलं. आई का रडते आहे हे तिला कळत नव्हतं आणि कळून घ्यायचं होतं. तिनं आईच्या छातीवर कपाळ ठेवलं. मग थोडं वर सरकून गळ्यावर ठेवलं, जिथं आवाज थरथरतो तिथं. नंतर बाबांना करायची तीच खूण तिनं आईला केली, मुठीनं तळहातावर ठोकून: मार.

आईला काही समजलं नाही. ती म्हणाली, "काय वो माय? काय पाह्यजे तुले?"

बहीण जागच्या जागी थिजली. मग तिनं घाईघाईनं मूठ पुन्हा तळहातावर आपटली. आई बोलली. ती पुन्हा आपटू लागली. आई पुन्हा बोलली. मग तिनं डबी उघडली. पिवळा काढला आणि ठेवला. लाल काढला, उन्हात धरला, ठेवला. एकेक करत तिनं सगळे तुकडे सालींवर ओतले आणि बोटांनी चाळले. मान हलवली. माझ्या हातातल्या बांगड्या पाहिल्या. बाबांचा सदरा पाहिला. आभाळ पाहिलं, सागाची पानं पाहिली, आईच्या लुगड्याचा काठ हातात घेऊन पाहिला. पुन्हा मान हलवली. नाही. मग रिकामी डबी बंद केली आणि कपाळ परत आईच्या गळ्यावर टेकून बसली.

आई बोलत राहिली. काय बोलली म्हणाल तर काहीच नाही. तांदळात खडे फार निघतात, तुझा बाप फार सावकाश जेवतो, कोंबडीनं पिल्लं काढली, तुझी ताई लबाड आहे पण वाईट नाही. मजूर जेवून परत आले आणि दूर उभे राहिले. गाड्या भरायच्या थांबल्या होत्या.

संध्याकाळी चुलीपाशी आई बाबांना म्हणाली, "धाडा तिले नागपूरले."

बाबांनी भीत भीत विचारलं, रंग कोणता निघाला? आईनं मोठ्या ऐटीत सांगितलं, "तिच्या डबीत नाई थो."

जायच्या आधीच्या बाजारात आई तिला चुडीवाल्या चाचांकडे घेऊन गेली. चाचांनी दुकानातला एकूण एक झुबका काढून दाखवला. बहीण प्रत्येकाला मान हलवायची आणि आईचं तोंड उजळत जायचं. चाचा हताश झाले. बाई, हिला हवा कोणता रंग, असं त्यांनी विचारलं, तेव्हा आई म्हणाली की मलाही ठाऊक नाही, आणि मला एक डझन हिरव्या घेऊन दिल्या. मी त्या घालायला लाजत होते, पण घातल्या.

चांद्याच्या मोटारीत बसायच्या वेळी बहिणीनं आईच्या गळ्याला कपाळ लावलं आणि मूठ तळहातावर मारली. आई माय माय म्हणत राहिली. ड्रायव्हर दोनदा हॉर्न वाजवून थांबला आणि मग खाली उतरून विडी ओढायला लागला. बाबा तिला पोचवून चार दिवसांनी परत आले.

मग महिनाभर काही कळलं नाही. आईचा तो डौल आठवड्यात उतरला. तिकडे दुसऱ्या बाया असतील, लाड करत असतील, सहा वर्षांच्या पोरीला काय राहतं लक्षात, असं ती तव्याशी बोलायची. एकदा मला जवळ घेऊन तिनं विचारलं की तुला माझा आवाज विसरायला किती दिवस लागतील. मी रडायला लागले तेव्हा मलाच रागावली. डेपोत मजूर आपापल्या हातानं नमस्कार करायला लागले होते. बाबा ठोके मारत होते आणि अवघड लठ्ठा बाजूला ठेवत होते.

श्रावणात पत्र आलं. शाळेच्या वसतिगृहातल्या बाईंचं होतं. बाबांनी ओसरीत बसून मोठ्यानं वाचलं. मुलगी हुशार आहे, प्रकृती ठीक आहे, पाटीवर चार अक्षरं गिरवते. एक गोष्ट मात्र आम्हांस उमगत नाही, म्हणून विचारते. मुलगी रोज कोणाच्या ना कोणाच्या गळ्याला कपाळ लावते आणि हातानं खूण करून बोलायला सांगते. शिक्षकांना झालं, स्वयंपाकाच्या बाईंना झालं, माळ्याला झालं, भेटीला आलेल्या पालकांनाही तिनं सोडलेलं नाही. थोडं ऐकल्यासारखं करते, मान हलवते आणि पुढच्या माणसाकडे जाते. तिला काही दुखत आहे की काही हवं आहे, ते कृपया कळवावे.

आईनं ते पत्र तीन वेळा वाचून घेतलं. तिसऱ्या वेळी बाबांना पुढचं वाचता येईना, म्हणून मी वाचलं.

"लिहा त्या बाईले," आई म्हणाली, "का थे मले ढुंढून राह्यली."

मग ती उठली, हात धुतले, आणि नागपूरची गाडी किती वाजता सुटते ते विचारायला लागली.